शुंजी इवाई : आधी ‘लिली शूशू’ की ‘हाना अँड अ‍ॅलिस’?

शाळकरी वयाचं जग जपानी दिग्दर्शक शुंजी इवाई यांच्याइतकं जवळून फार थोड्यांनी पाहिलंय. पण सुरुवात कुठून करावी?

‘ऑल अबाउट लिली शूशू’ (२००१) अंगावर येतो. हिरव्यागार भातशेतात कानाला हेडफोन लावून एकटाच उभा असलेला युइची एकदा पाहिला की विसरता येत नाही. कालचा मित्रच आज छळतोय, घरी सांगायची सोय नाही. आधार फक्त एका गायिकेच्या गाण्यांचा आणि इंटरनेटवरच्या अनोळखी चाहत्यांचा. डिजिटल कॅमेऱ्याने टिपलेला तो उजेड इतका सुंदर आहे, की त्यातली क्रूरता जास्तच बोचते.

‘हाना अँड अ‍ॅलिस’ (२००४) चा जीव त्यामानाने छोटा. किटकॅटसाठी केलेल्या लघुपटांतून तो वाढला. आवडत्या मुलाला ‘तुझी स्मृती गेलीय’ असं पटवणारी हाना आणि त्या थापेत ओढली गेलेली तिची मैत्रीण, एवढीच गोष्ट. पण ऑडिशनला आलेली अ‍ॅलिस पायांना कागदी कप चिकटवून बॅले नाचते, तेव्हा माझा तर श्वासच अडकतो. अ‍ॅलिस झालेल्या यू आओईचं सिनेमातलं पदार्पण ‘लिली शूशू’मधलंच. कॅमेराही दोन्हीकडे नोबोरू शिनोदांचाच.

मोठा सिनेमा ‘लिली शूशू’च, यात मला शंका नाही. तरी आधी ‘हाना’ बघा. आणि घरात त्याच वयाचं मूल असेल, तर ‘लिली’ त्याच्या हाती देण्याआधी स्वतः एकदा पाहा.