नावापुरता पंचकोन : वाघोलीच्या निळ्या दगडाची फसवणूक

गेल्या वर्षी दिवाळीच्या आधी मी ३२,००० रुपये देऊन एक दगड विकत घेतला. ओंजळीत मावेल एवढा. स्टिल्बाइट या पांढऱ्या खनिजावर गडद निळ्या स्फटिकांची चार फुलं, आणि खाली छापील लेबल : ‘पेंटागोनाइट, वाघोली, पुणे’. पेंटागोनाइट म्हणजे फार क्वचित मिळणारं एक निळं खनिज. तो पेंटागोनाइट नव्हता. ती फुलंही त्या दगडावर उगवलेली नव्हती. खनिजांचा नाद असलेल्या माणसांना, आणि आता हौसेने घेऊ लागलेल्या नव्या मंडळींना, हा प्रकार नीट कळावा म्हणून सगळं लिहिते आहे.

मी तीस वर्षं पुण्यात भूगोल शिकवला. वाघोलीच्या खाणीतला निळा दगड पहिल्यांदा दाखवला तो माझ्याच एका विद्यार्थ्याने. त्याचे मामा खडी क्रशरवर कामाला होते. रुमालात बांधून आणलेला पांढरा तुकडा आणि त्यावर ज्वारीच्या दाण्याएवढा निळा ठिपका. असा निळा मी दगडात कधी पाहिला नव्हता. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी आपल्या दख्खनवर लाव्हा पसरला, त्यातल्या वायूच्या बुडबुड्यांच्या पोकळ्या राहिल्या आणि पुढे त्यांत झिरपलेल्या पाण्याने हे स्फटिक घडवले, हे मी फळ्यावर कित्येकदा काढून दाखवलं होतं. पण हातात धरलं की वेगळंच वाटतं. तेव्हापासून मी दगड जमवते.

त्या निळ्या खनिजाचं नाव कॅव्हन्साइट. नावातच त्याचा सगळा घाट आहे : कॅल्शियममधला ‘कॅ’, व्हॅनेडियममधला ‘व्हॅन’, सिलिकेटमधला ‘सि’ आणि शेवटी खनिजांच्या नावाला लागतो तो ‘आइट’. निळा रंग व्हॅनेडियमचा. व्हॅनेडियम हे नाव सेफस्ट्रॉम या स्वीडिश शास्त्रज्ञाने १८३० मध्ये ठेवलं, ते फ्रेया या नॉर्स देवतेच्या ‘वानादीस’ या नावावरून, कारण त्या धातूची संयुगं इतक्या सुंदर रंगांची असतात. म्हणजे वाघोलीच्या काळ्या कातळातून निघणाऱ्या दगडाच्या नावात पार उत्तरेकडची एक देवी बसलेली आहे. मुलांना हे सांगताना मला फार आनंद व्हायचा.

कॅव्हन्साइटचं एक भावंड आहे, पेंटागोनाइट. दोन्ही पहिल्यांदा अमेरिकेतल्या ऑरेगन राज्यात सापडली, आणि १९७३ मध्ये स्टेपल्स, एव्हान्स आणि लिंडसे यांनी त्यांचं वर्णन एकत्रच प्रसिद्ध केलं. पुढे १९८०च्या दशकाच्या अखेरीस वाघोलीच्या दगडखाणींत कॅव्हन्साइट इतकं देखणं निघालं की जगभरचे संग्राहक पुण्याचं नाव घेऊ लागले. पेंटागोनाइटही तिथे मिळालं, पण फारच कमी. दोघांचं रसायन अगदी एक. तेच कॅल्शियम, तेच व्हॅनेडियम, तेच सिलिकेट, पाणीही तेवढंच. फरक फक्त आतल्या अणूंच्या मांडणीत. हिरा आणि ग्रॅफाइट दोन्ही कार्बनच, तसं. हा मुद्दा लक्षात ठेवा, कारण मला फसवलं ते नेमकं इथे.

विकणारा माणूस एका ओळखीच्यांकडून आला. तिशीतला, बोलायला अतिशय नम्र. “ताई, आमचे वडील खाणीवर मुकादम होते. हा पीस त्यांनी वीस वर्षं पेटीत ठेवला होता. आता घराचं काम काढलंय, नाहीतर विकला नसता.” त्याने कापसातून दगड काढला आणि खिडकीशी धरला. मी विचारलं, हे पेंटागोनाइटच कशावरून? त्यावर तो जे बोलला ते मला शब्दशः आठवतं. “नावातच आहे ना ताई. पेंटा म्हणजे पाच, गोन म्हणजे कोन. पाकळ्या मोजा. एक, दोन, तीन, चार, पाच.”

मी मोजल्या. समोरच्या फुलाला खरंच पाच पाकळ्या होत्या.

नावाचा अर्थ त्याने बरोबर सांगितला होता. ग्रीक ‘पेन्टे’ म्हणजे पाच, आपल्या ‘पंच’चंच सख्खं नातं. ‘गोनिया’ म्हणजे कोन. पण हे नाव पाकळ्यांवरून पडलेलं नाही. पेंटागोनाइटचे सुईसारखे लांबट स्फटिक एकमेकांत जुळे होऊन वाढतात, आणि अशा जुळ्या स्फटिकाचा आडवा छेद पाहिला तर त्यात पाच टोकांचा तारा दिसतो. तो तारा एकेका बारीक स्फटिकाच्या पोटात असतो. पुष्कळ स्फटिक एका बिंदूतून बाहेर फाकून जे फूल होतं, त्याच्या पाकळ्या पाच असतील, सात असतील, वीसही असतील. त्यांचा नावाशी काही संबंध नाही. उलट अशी गोल, फुलासारखी किंवा चेंडूसारखी रचना ही कॅव्हन्साइटचीच नेहमीची सवय. अर्थ खरा आणि वापर खोटा, आणि मी अर्थाच्या प्रेमात असल्यामुळे वापराकडे पाहिलंच नाही.

शिवाय त्याने प्रमाणपत्र दाखवलं. एका प्रयोगशाळेचं, लॅमिनेट केलेलं. एक्स-रे फ्लुरोसन्स तपासणी केलेली, निष्कर्ष : कॅल्शियम व्हॅनेडियम सिलिकेट. ते प्रमाणपत्र मला आजही खोटं वाटत नाही. ती तपासणी दगडात कोणती मूलद्रव्यं आहेत ते सांगते, ती कशी रचली आहेत हे सांगत नाही. दोन्ही भावंडांचं रसायन एकच असल्यामुळे तो कागद दोघांनाही तितकाच लागू पडतो. पेंटागोनाइट हा शब्द त्यावर कुठेही नव्हता. मी वाचलं, पण नाव माझ्या डोक्यात आधीच बसलेलं होतं, त्यामुळे कागदावर नसलेला शब्दही मला दिसला असावा.

२०,००० यूपीआयने दिले आणि १२,००० रोख. पावती मागितली तर त्याने वहीच्या पानावर लिहून दिलं : ‘शोभेचा दगड, १ नग’. रक्कम आणि सही. “टॅक्सचं लफडं नको ताई, म्हणून असं लिहितो,” म्हणाला. मी मान डोलावली. आज मागे वळून पाहते तेव्हा सगळ्यात जास्त सलतं ते हे पान. नाव तोंडी होतं, नाव बिनसहीच्या लेबलावर होतं. जिथे त्याची सही होती, तिथे नाव नव्हतं.

दगड मी स्वतःसाठी घेतला नव्हता. आमच्या शाळेच्या प्रयोगशाळेत एक काचेचं कपाट आहे. निवृत्त होताना त्यातला एक कप्पा महाराष्ट्राच्या खनिजांनी भरून देईन असं मी सांगितलं होतं. अपोफिलाइट, ह्यूलंडाइट, कापसाच्या बोंडासारखा दिसणारा ओकेनाइट, सगळं हळूहळू जमवलं होतं. पेंटागोनाइट हा त्या कप्प्याचा मधला दगड होणार होता. झालाही. लेबल मी सुवाच्य अक्षरात लिहिलं, नावाचा अर्थ त्याखाली, आणि आठवीच्या वर्गाला कपाटापाशी उभं करून पंचकोन समजावला. विक्रेत्याने मला सांगितला तसाच.

महिन्याभराने त्या वर्गातली एक मुलगी घरी आली. जरा घाबरतच म्हणाली, “बाई, एकाच फुलाला पाच आहेत. बाकीच्यांना सात, सहा आणि नऊ. मी तीनदा मोजल्या.”

दुसऱ्या दिवशी मी दहापट मोठं दाखवणारं भिंग घेऊन शाळेत गेले. फुलाच्या बुडाशी, जिथे निळं पांढऱ्याला टेकतं, तिथे एक पातळ चकचकीत थर होता आणि त्यात बारीक हवेचे बुडबुडे. निसर्गात वाढलेल्या स्फटिकाच्या बुडाशी असं काही नसतं. तिथे स्टिल्बाइटच्या पाती निळ्या स्फटिकांना वेढून असतात, काही वेळा त्यांच्या खालून-वरून गेलेल्या असतात, दोघं एकत्र वाढल्याच्या खुणा स्पष्ट असतात. इथे फूल नुसतं ठेवल्यासारखं होतं.

मी तो दगड माझ्या ओळखीच्या एका निवृत्त भूविज्ञान प्राध्यापकांकडे नेला. सरांनी आधी काही बोलायचं टाळलं. खोलीत अंधार करून अतिनील प्रकाशाची छोटी टॉर्च मारली. फुलांच्या बुडाशी निळसर पांढरी कडा उजळली, बाकी दगड मंद राहिला. “गोंद,” ते म्हणाले. मग बारीक कुंचल्याने अ‍ॅसिटोन लावून दहा मिनिटं थांबलो, आणि सर्वांत मोठं फूल, तेच पाच पाकळ्यांचं, चिमट्यात अलगद निघून आलं. सुरुंगाच्या धक्क्याने खाणीत अशी सुटी फुलं पुष्कळ गळतात. सुट्याला किंमत कमी, पांढऱ्यावर बसलेल्याला कितीतरी जास्त. म्हणून एका दगडाची फुलं दुसऱ्या दगडावर चिकटवायची. सर म्हणाले, हा उद्योग जुना आहे.

नावाचा निकाल लागायचा होता. त्यासाठी गळालेल्या कणांची पूड करून एक्स-रे डिफ्रॅक्शनला पाठवली. ही तपासणी अणूंची मांडणी दाखवते, आणि भावंडं वेगळी ओळखायला तीच लागते. लेसरचा प्रकाश टाकून करतात त्या रामन तपासणीनेही चालतं, त्यात दगडाचा कण मोडावाही लागत नाही. उत्तर आलं : कॅव्हन्साइट.

त्या माणसाला फोन केला. पहिल्यांदा म्हणाला, “ताई, मी कुठे लिहून दिलंय पेंटागोनाइट म्हणून?” दुसऱ्यांदा फोन उचलला नाही. तिसऱ्यांदा त्याने माझा नंबर ब्लॉक केलेला होता. ज्यांनी ओळख करून दिली त्यांनाही त्याचं घर माहीत नव्हतं. यूपीआयवरचं नाव त्याने सांगितलेल्या नावापेक्षा वेगळं होतं, हे मला तेव्हा बघायला हवं होतं.

मी जिल्हा ग्राहक आयोगात तक्रार केली आहे. २०१९च्या ग्राहक संरक्षण कायद्याखाली घटना घडल्यापासून दोन वर्षांच्या आत तक्रार करता येते, आणि ५ लाख रुपयांपर्यंतच्या व्यवहाराला शुल्क पडत नाही. वकील लावायलाच हवा असंही नाही. आधी १९१५ या ग्राहक हेल्पलाइनवर बोलले, तिथे कागद कसे जोडायचे ते नीट सांगितलं. अडचण त्या पावतीचीच आहे. ‘शोभेचा दगड’ म्हणून दिलेला दगड शोभेचा आहेच, असं समोरचा म्हणू शकतो. माझ्याकडे आधार आहे तो त्याने व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवलेल्या एका फोटोचा, ज्याखाली त्याने नाव लिहिलं होतं. तो संदेश मी पुसला नव्हता, हे नशीब. तुम्हीही असे संदेश पुसू नका.

तुम्ही असा दगड घ्यायला निघाला असाल तर एवढं करा. ज्या नावाचे पैसे मागितले जात आहेत ते नाव बिलावर, सहीच्या वर, लिहून घ्या, आणि तपासणीत वेगळं निघालं तर पैसे परत, हेही त्याच कागदावर. जो खरा विकणारा आहे त्याला याचं वाईट वाटत नाही. पुण्यात आणि नाशकाकडे पिढ्यानपिढ्या हा व्यवसाय करणारी प्रामाणिक माणसं मला माहीत आहेत, ती स्वतःहून ‘हे कॅव्हन्साइटच आहे, पेंटागोनाइट म्हणून घेऊ नका’ असं सांगतात. भिंग आणि अतिनील टॉर्च दोन्ही हजाराच्या आत येतात, खिशात मावतात. आणि पेंटागोनाइट म्हणून कोणी रसायनाचं प्रमाणपत्र पुढे केलं तर शांतपणे विचारा, डिफ्रॅक्शन केलंय का?

एक निराळी गोष्टही इथेच सांगते, कारण ती मला नंतर कळली. हाच कॅव्हन्साइट अंगठीत बसवून शनीचा खडा म्हणून विकल्याचं एका परिचित बाईंनी मला दाखवलं. शनीचा खडा म्हणजे नीलम. कठीणपणा १ ते १० असा मोजणाऱ्या मोह्‌सच्या मापावर नीलमचा ९, कॅव्हन्साइटचा ३ ते ४. रोजच्या भांडी-धुण्यात तो महिनाभरही टिकायचा नाही, आणि त्यांचा टिकला नव्हताच.

शाळेच्या कपाटातून दगड काढून टाकावा असं मुख्याध्यापकांचं म्हणणं होतं. मी नको म्हटलं. आठवीच्या वर्गाला पुन्हा उभं केलं आणि मी त्यांना चुकीचं शिकवलं होतं हे सांगितलं. पूनालाइटची गोष्ट सांगितली : एकोणिसाव्या शतकात पुण्याच्या नावावरून एका खनिजाला हे नाव दिलं गेलं होतं, पुढे ते मेसोलाइट हे आधीच माहीत असलेलं खनिजच असल्याचं ठरलं आणि नाव खनिजांच्या यादीतून गेलं. आपल्या गावाचं नाव असलं तरी गेलं. मग सुटं झालेलं फूल छोट्या काचेच्या डबीत दगडाशेजारी ठेवलं, बुडाचा गोंद दिसेल असं उलटं करून. नवं लेबल त्या मोजणाऱ्या मुलीने लिहिलं आहे : ‘कॅव्हन्साइट. स्टिल्बाइटवर चिकटवलेले. ठिकाण : विक्रेत्याच्या सांगण्यानुसार वाघोली.’