काळ मोडलेला प्रदेश रचताना: थर की तुकडे?

काळ जिथे सरळ चालत नाही असा प्रदेश आपल्या रविवारच्या भूमिका-खेळासाठी (ज्यात प्रत्येक जण एकेका पात्राची भूमिका घेऊन सगळे मिळून गोष्ट पुढे नेतात) रचायचे ज्यांनी मनावर घेतले आहे, त्यांच्यापुढे बहुधा दोन वाटा येतात. एकीत सगळी युगे एकाच जागी एकावर एक बसलेली असतात आणि माणूस जितका खाली उतरेल तितक्या जुन्या काळात पोहोचतो. दुसरीत प्रदेशाचे तुकडे झालेले असतात आणि प्रत्येक खोऱ्यात काळ आपापल्या वेगाने वाहतो. पात्रे, फासे, नकाशे यांची ओळख वाचकाला आहे असे मी धरतो. साताऱ्यातल्या आमच्या पाच जणांच्या गटाचा खेळ मी चालवतो. आम्ही पहिले वर्ष तुकड्यांत काढले आणि त्यानंतरची दोन थरांत, एवढाच माझ्या मताचा आधार आहे.

तुकड्यांची ओढ मला आधी लागली, आणि ती का लागते हे समजण्यासारखे आहे. रैवत राजा आपल्या मुलीसाठी योग्य वर विचारायला ब्रह्मदेवाकडे गेला, तिथे थोडा वेळ गायन ऐकत थांबला, आणि तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे उलटून गेली, ही कथा आपल्यापैकी अनेकांनी लहानपणी ऐकलेली असते. खिंड ओलांडली की मागे राहिलेले जग म्हातारे होते, या कल्पनेत जो चटका आहे तो थरांच्या प्रदेशाला सहजासहजी साधत नाही, हे मी मोकळेपणाने मान्य करतो. पहिल्या दोन-तीन बैठका आमच्याकडे विलक्षण रंगल्या.

अडचण त्यानंतर सुरू झाली, आणि माझा निर्णय तिनेच केला. आमच्या प्रदेशात एका संथ खोऱ्यातला एक दिवस म्हणजे बाहेरची सात वर्षे, असा नियम होता. गटातल्या एका खेळाडूचे पात्र त्या खोऱ्यात तीन दिवस राहिले, दुसऱ्याचे अर्धा दिवस अधिक, आणि तिसरा बाहेरच थांबला. पहिली परत आली तेव्हा तिने एकच प्रश्न विचारला, ‘माझी धाकटी बहीण आता केवढी झाली असेल?’ निघताना बहीण नऊ वर्षांची होती, म्हणून आता तीस. पण दुसरा अजून खोऱ्यातच होता, तो येईपर्यंत आणखी साडेतीन वर्षे जाणार होती, आणि बाहेर थांबलेल्याने मधल्या एकवीस वर्षांत काय केले हे कोणीच खेळलेले नव्हते. मी वही उघडली, रकाने जुळवू लागलो, आणि पंधरा-वीस मिनिटांनी उत्तर दिले तेव्हा विचारणारीचा उत्साह निवला होता. तिला बहीण गमावल्याचे दुःख हवे होते आणि मी तिला वजाबाकी दिली. असे नंतर जवळजवळ प्रत्येक बैठकीत होत राहिले.

यावर बराच विचार केल्यावर मला जाणवले ते असे. नुसते अंतर माणसाला पेलते, वेगातला फरक पेलत नाही. भारतीय प्रमाणवेळ 1 जानेवारी 1906 पासून लागू झाली, तरी मुंबईने आपली स्वतंत्र वेळ 1955 पर्यंत टिकवली आणि ती प्रमाणवेळेच्या 39 मिनिटे मागे होती. लोकांनी ते निभावले, कारण 39 मिनिटांचा फरक उद्याही 39 मिनिटांचाच राहत होता. वेग निराळे असले की फरक रोज वाढत जातो आणि त्याचा हिशेब कोणाला तरी सतत ठेवावा लागतो. रैवताच्या कथेत हा फरक एकदाच वापरला आहे. एका प्रसंगाला तो शोभतो. त्यात वर्षभर राहणे मला तरी जड गेले.

थरांच्या प्रदेशात सगळीकडे काळाचा वेग एकच असतो, फक्त अंतर वेगळे. वर चार दिवस गेले तर खालीही चारच जातात. माझ्या रचनेचा नमुना मात्र डोळ्यांसमोरच होता. आपला सह्याद्री सुमारे 6.6 कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्ह्याच्या थरांचा आहे, आणि घाटात कापलेल्या कड्यावर दोन काळ्या थरांमध्ये अनेक ठिकाणी तांबडी पट्टी दिसते. एक लाव्हा थंड होऊन त्यावर माती तयार झाली, मग पुढच्या लाव्ह्याने ती भाजून काढली, अशी ती पट्टी. मधल्या शांततेची ती खूणच म्हणायची. अशा पट्टीवर अनेकदा पाणी अडते आणि झरा होऊन बाहेर पडते, म्हणून आमच्या प्रदेशात एका युगातून दुसऱ्यात जाण्याची वाट झऱ्यापाशीच असते. साताऱ्याजवळच्या लिंब गावातील बारामोटेची विहीर ज्यांनी पायऱ्या उतरून पाहिली आहे, त्यांना उतरताना गार होत जाणारी हवा खेळाडूंपुढे उभी करणे अवघड जाऊ नये.

आपण कोणत्या थरात आहोत हे खेळाडूंना कालगणनेवरून ओळखू द्यावे. ज्या वर्षाला आपण 1719 म्हणतो, तेच स्थूलमानाने शालिवाहन शकात 1641, राज्याभिषेक शकात 46 आणि मराठेशाहीच्या कागदपत्रांतल्या शुहूर सनात 1120 असते. एखाद्या पत्रावरचा आकडा कोणत्या गणनेतला हे शोधण्यात आमची एक अख्खी संध्याकाळ आनंदात गेली. हिशेब इथेही आहे, पण तो खेळाडूंचा आहे आणि त्यातून गोष्ट पुढे सरकते.

थरांचा दोष एकच, पण खरा. खाली तोडलेले झाड वर नाहीसे होते का, हा प्रश्न पहिल्याच दिवशी येतो, आणि त्याचे उत्तर आधी ठरवलेले नसेल तर सगळी रचना ढासळते. आमच्याकडे खालचा बदल तांबड्या पट्टीतून फक्त आठवण म्हणून वर झिरपतो: झाड राहते, पण गावातल्या वृद्धांना ते तोडल्याचे आठवते. हा नियम सर्वांना रुचेलच असे नाही.

तुमचा गट दोघा-तिघांचा असेल, सगळे नेहमी एकत्र प्रवास करत असतील आणि खेळ चार-पाच बैठकांत संपणार असेल, तर तुकडे निवडायला माझी हरकत नाही. तेव्हा निदान पंचांगाची युक्ती घ्यावी: चांद्र वर्ष सौर वर्षापेक्षा सुमारे 11 दिवसांनी कमी पडते आणि अधिक मास ती तूट ठराविक काळाने भरून काढतो, तसा संथ खोऱ्यातला फरकही मधूनमधून मिटवून टाकावा. गट मोठा असेल आणि पात्रे वाटा बदलणारी असतील, तर मी थरांचाच विचार आधी करीन, आणि सुरुवात तीन थरांपेक्षा जास्त ठेवणार नाही; चौथा आम्ही थरांच्या दुसऱ्या वर्षी उघडला, तेव्हा वरच्या तिन्हींतली माणसे खेळाडूंना नावानिशी ओळखीची झाली होती.