मेरी विंडसर : सात महिने पुन्हा पुन्हा पाहिल्यावर

सात महिन्यांपूर्वी जुन्या अमेरिकन गुन्हेपटांचा पाच डीव्हीडींचा संच घेतला, २००५ साली निघालेला. अमेरिकन अभिनेत्री मेरी विंडसर मला त्यातच भेटली. घेण्याआधी एक लक्षात ठेवा : डीव्हीडी कुठल्या देशांतल्या प्लेअरवर चालेल ते तिच्या विभाग-क्रमांकावर ठरतं. या डिस्क अमेरिकेच्या, म्हणजे विभाग १ च्या आहेत आणि भारत विभाग ५ मध्ये येतो. सगळे विभाग चालवणारा प्लेअर नसेल तर संच नुसता कपाटात पडून राहील.

त्यातला ‘द नॅरो मार्जिन’ मी आतापर्यंत सहा वेळा पाहिला. चित्रीकरण १९५० चं, पण स्टुडिओचा मालक हॉवर्ड ह्यूजने तो अडकवून ठेवला आणि प्रदर्शन झालं १९५२ मध्ये. जेमतेम ७१ मिनिटं. शिकागोहून लॉस एंजेलिसला निघालेली आगगाडी, साक्षीला चाललेली एका गुंडाची विधवा (मेरी विंडसर), आणि तिला जपणारा पोलीस. खर्च वाचवायला डब्याचा सेट जमिनीला पक्का ठेवून कॅमेराच हलवला होता. पार्श्वसंगीत नाही, फक्त गाडीचा आवाज.

पहिल्यांदा मी गोष्टीत गुंतलो होतो. तिसऱ्या खेपेपासून फक्त मेरी विंडसरकडे पाहू लागलो. मारेकरी गाडीत फिरताहेत आणि ही बाई डब्यात तबकड्या वाजवत बसते, पोलिसाला टोचून बोलते. शेवट माहीत झाल्यावर तेच प्रसंग पुन्हा बघा, तिच्या नजरेचा अर्थच बदलतो. शेवट सांगत नाही.

मेरी मूळची युटातल्या मेरिसव्हेल या लहान गावची, जन्म १९१९ चा. उंची पाच फूट नऊ इंच. बुटक्या नायकांसमोर ती अडचण ठरायची. स्टॅन्ली कुब्रिकच्या ‘द किलिंग’मध्ये (१९५६) मात्र हीच उंची कामी आली. नवरा झालेला एलिशा कुक तिच्यापुढे खुजा दिसतो. दरोड्याचा बेत ती त्याच्याकडून ज्या लाडीगोडीने काढून घेते, त्याने अंगावर काटा येतो. ही डिस्क वेगळी घ्यावी लागते, जरूर घ्या.

‘कॅट-विमेन ऑफ द मून’ (१९५३) अगदीच स्वस्तातला आहे, एकदा पाहिला तरी पुरे. तरीही तिने तिथे काम अर्धवट मनाने केलेलं नाही. मोठ्या नायिकांच्या यादीत तिचं नाव नसतं, याचं मला मनापासून वाईट वाटतं. पुढे पंचवीस वर्षं ती स्क्रीन अॅक्टर्स गिल्ड या अमेरिकन चित्रपट कलावंतांच्या संघटनेच्या संचालक मंडळावर होती.

सुरुवात ‘नॅरो मार्जिन’नेच करा, रात्री, दिवे मालवून. तिच्या माळेतला मोती जिन्यावरून घरंगळत खाली येतो, तिथे आवाज थोडा वाढवा.