लोफोटेनची हिवाळी फोटो टूर: घाई न करता लिहिलेला रिव्ह्यू

टूरवरून आल्या आल्या रिव्ह्यू लिहायचा नाही हे ठरवूनच टाकलं होतं, कारण तेव्हा सगळंच भारी वाटत असतं, फोन ऑरोराने, म्हणजे आकाशातल्या त्या ध्रुवीय प्रकाशाने, भरलेला असतो आणि जो भेटेल त्याला दाखवत सुटतो आपण. आता दिवाळी होऊन गेली, फोटो चाळून-गाळून झाले, काही प्रिंट भिंतीवर लागले, ट्रायपॉडचे जे हाल व्हायचे ते झाले, म्हणून आता लिहितेय.

टूर म्हणजे नॉर्वेच्या उत्तरेला लोफोटेन बेटं, ६८ अंश उत्तर, म्हणजे आर्क्टिक सर्कलच्या वर. फेब्रुवारीचा शेवट. आम्ही सहा जण, दोन लीडर आणि एक नऊ सीटर व्हॅन. कंपनीचं नाव मुद्दाम देत नाहीये, एक तर खाली थोडी कुरकुर आहे आणि दुसरं म्हणजे अशा टूर करणारे ढिगाने आहेत, साचा सगळ्यांचा थोडाफार हाच. टूरचे साडेतीन लाखांच्या आसपास गेले, त्यात राहणं, नाश्ता आणि फिरवणं आलं. विमान, व्हिसा, रात्रीचं जेवण वेगळं. व्हिसा शेंगेन, फी ९० युरो, वर ३०,००० युरोचं कव्हर असलेला इन्शुरन्स लागतो, आणि टूरवाल्यांचं पत्र असलं तरी बाकी सगळे कागद आपले आपल्यालाच जमवायला लागतात, त्यात ते काही मदत करत नाहीत.

मला सगळे विचारतात की एवढे पैसे देऊन शिकलीस काय. खरं सांगू का, शिकवण्याच्या नावाने टूर बेताचीच होती. संध्याकाळी लाइटरूमचं (फोटो एडिटिंगचं सॉफ्टवेअर) सेशन म्हणून जे ठेवलं होतं ते दोनदा झालं आणि दोन्ही वेळा अर्धे लोक पेंगत होते, जे सांगितलं ते यूट्यूबवर फुकट मिळतं. पैसे वसूल झाले ते वेगळ्याच गोष्टीत: आत्ता या क्षणी कुठे असायला पाहिजे हे ठरवणारा माणूस आणि तिथपर्यंत बर्फावरून गाडी नेणारा माणूस. लोफोटेनमध्ये मुख्य रस्ता एकच, ई-१०, बेटांवरून पूल आणि बोगद्यांमधून जात जात पश्चिमेच्या टोकाला संपतो. एका बाजूला हिमवादळ आणि वीस किलोमीटर पुढे लख्ख आकाश असा प्रकार रोजचा. आमचा लीडर सकाळी उठून नॉर्वेच्या हवामान खात्याचं यर नावाचं ॲप बघायचा, भरती-ओहोटीचा तक्ता बघायचा, बाहेर जाऊन वारा कुठून येतोय ते बघायचा आणि मग कागदावरचा कार्यक्रम सरळ फेकून द्यायचा. कार्यक्रमात रेईने गाव लिहिलेलं, आम्ही विरुद्ध दिशेला. पहिले दोन दिवस ग्रुपमधल्या एकाने त्यावरून बरीच चिडचिड केली, नंतर तोच सगळ्यात आधी व्हॅनमध्ये जाऊन बसायला लागला.

एक उदाहरण देते. स्कागसांडेन म्हणून बीच आहे, रस्त्याला लागूनच. त्या वाळूत पांढरी आणि काळी अशी दोन्ही रेती आहे, पाणी ओसरताना त्यांची अशी काही नक्षी उठते की माणूस तासभर खाली मान घालून फिरतो, पण ती फक्त ओहोटीला, आणि पाऊलं पडायच्या आत पोचलात तरच. आम्ही पोचलो तेव्हा बर्फ आडवा येत होता, समोरचा डोंगर गायब, सगळं राखाडी. दोघं-तिघं म्हणाले चला, कॉफी पिऊ. लीडर म्हणाला ढगांच्या पट्ट्या समुद्राकडून एकामागून एक येतायत, मध्ये फट पडणार, थांबू. पाऊण तास थांबलो, बोटं बधिर, आणि मग चार-पाच मिनिटं डोंगराचा फक्त खांदा उजळला, बाकी सगळं तसंच करडं. तेवढंच. पण आज भिंतीवर जो सगळ्यात मोठा प्रिंट आहे तो त्या चार-पाच मिनिटांतला. एकटी गेले असते तर मी नक्की कॉफी प्यायला गेले असते.

आणि आता ऑरोरा. हे वाचून काही जण रागावतील पण ऑरोराचे फोटो मला आता बघवत नाहीत. प्रत्यक्ष बघताना अंगावर काटा आला हे खरंच, त्याबद्दल वाद नाही, त्यासाठी तरी एकदा जावंच. पण त्या रात्रींचे फोटो सगळे एकसारखे दिसतात, हिरवा पट्टा, खाली लाल घर, नाहीतर हिरवा पट्टा, खाली बीच. तांत्रिकदृष्ट्या सोपं आहे, अपर्चर एफ २.८, आयएसओ १६०० ते ३२००, ऑरोरा नाचायला लागला की शटर दोन सेकंद, शांत असला की सहा-आठ सेकंद, फोकस एखाद्या ताऱ्यावर मॅन्युअल करून टेप लावून टाकायचा. लोफोटेन ऑरोराच्या पट्ट्याखालीच येतं त्यामुळे केपी इंडेक्स (ऑरोराचा जोर सांगणारा ० ते ९ आकडा) दोन-तीन असला तरी तो दिसतो, अडवतात ते ढग. आमच्या लीडरला केपीपेक्षा सोलर विंडचं बीझेड, म्हणजे त्यातल्या चुंबकीय क्षेत्राची उत्तर-दक्षिण दिशा, निगेटिव्ह आहे का ते महत्त्वाचं वाटायचं आणि त्याचा अंदाज बऱ्यापैकी बरोबर यायचा. चंद्र अर्धा असला तर उलट बरं, डोंगरावरचा बर्फ उजळतो, नाहीतर खाली नुसता काळोख.

दिवसाच्या उजेडाबद्दल मात्र लिहावं तेवढं थोडं. डिसेंबरात तिकडे तीन-चार आठवडे सूर्य उगवतच नाही. फेब्रुवारीच्या शेवटी आठच्या सुमाराला उगवतो आणि पाचच्या आत मावळतो, पण गंमत अशी की भर दुपारीसुद्धा तो क्षितिजाच्या वर जेमतेम १२-१३ अंश असतो. पुण्यात त्याच दिवशी साठच्या वर असतो. म्हणजे आपल्याकडे सह्याद्रीत सकाळी सातला जो तिरपा उजेड मिळतो आणि साडेआठला संपतो तो तिथे दिवसभर. त्यामुळे घाई नाही. उजाडायच्या आधीचा आणि मावळल्यानंतरचा निळा वेळ पण खूप लांबतो कारण सूर्य सरळ खाली न जाता तिरका घसरत जातो. फक्त व्हाइट बॅलन्स (रंगछटेचं सेटिंग) सांभाळा, सावलीतला बर्फ इतका निळा येतो की प्रिंट काढल्यावर भिंत आजारी दिसते, माझे पहिले दोन प्रिंट त्यात फुकट गेले.

हाम्नॉयचा तो फेमस पूल, लाल घरं आणि मागे टोकदार डोंगर, तिथे जायलाच लागतं म्हणून गेलो. कठड्याला ट्रायपॉडची रांग, खांद्याला खांदा, आणि ट्रक गेला की अख्खा पूल थरथरतो, म्हणजे लाँग एक्स्पोजर (शटर बराच वेळ उघडं ठेवून काढलेला फोटो) गेलंच. फोटो मिळाला, सगळ्यांना मिळतो, माझाही तसाच आहे, अठ्ठावीस हजार लाइक्सवाल्यासारखा आणि तरी माझा नसल्यासारखा. इथेच मला दुसऱ्या लीडरबद्दलची तक्रार नोंदवायचीय. चांगली जागा दिसली की हा बाबा आधी स्वतःचा ट्रायपॉड रोवायचा. अरे, आम्ही पैसे दिलेत. फीडबॅक फॉर्ममध्ये लिहिलं, उत्तर गोड आलं, पुढे काय केलं देव जाणे. बुकिंग करताना सरळ विचारा की लीडर स्वतः फोटो काढतात का आणि कधी. आणि सहापेक्षा जास्त लोक असतील तर जाऊच नका, रस्त्याकडेला गाडी थांबवायच्या जागा चिंचोळ्या, खडकांवर उभं राहायला तर त्याहून कमी. नऊ सीटर व्हॅनमध्ये आठ माणसं आणि आठ कॅमेरा बॅगा म्हणजे शेवटच्या सीटवर बॅग मांडीवर घेऊन बसायचं, हे कुठल्याच वेबसाइटवर लिहिलेलं नसतं.

मला अनपेक्षितपणे आवडलं ते मासे वाळवायचं काम. जानेवारी ते एप्रिल कॉड अंडी घालायला बॅरेंट्स समुद्रातून इथे येतो आणि मग गावागावात लाकडाचे उंच मांडव कॉडने भरतात, आपल्या वर्सोव्याकडच्या बोंबलाच्या वलांडीच म्हणा, फक्त मीठ लावत नाहीत आणि ऊन नाही तर थंड वारा वाळवतो. मे महिन्यापर्यंत टांगलेले असतात. चांगला माल इटलीला, मुंडकी वेगळी बांधून नायजेरियाला. ग्रुपमधले बाकीचे वासाने पळाले, मी तिथे दुपार काढली, मांडवाच्या आतून वर बघत, शंभर-चारशे टेलिफोटो लेन्सने नुसते पॅटर्न. सहा महिन्यांनी निवडायला बसले तर निम्मे चांगले फोटो याच लेन्सचे निघाले, वाइड अँगलचे बरेचसे गळले. सोळा-पस्तीस वाइड लेन्सच्या नादात टेलिफोटो घरी ठेवू नका एवढंच सांगेन. आणि मासे खाणारे असाल तर त्याच सीझनला ताजा कॉड, सोबत त्याची लिव्हर आणि गाबोळी असं एक पारंपरिक जेवण मिळतं ते सोडू नका. शाकाहारींचे मात्र हाल, ग्रुपमध्ये नाशिकचे एक काका होते, त्यांनी मेतकूट-भात आणि थेपल्यांवर दिवस काढले, केबिनला किचन असतं म्हणून जमलं. तेव्हा एक क्रोन साधारण आठ रुपये होता, बाहेर जेवायला गेलात की हिशेब करू नका, जेवण उतरणार नाही.

सामानाचं. थंडीला जितकं घाबरले होते तितकी ती नव्हती, समुद्राच्या उबदार प्रवाहामुळे तापमान शून्याच्या आसपासच घुटमळतं, उणे पाचच्या खाली क्वचित गेलं. त्रास होतो वाऱ्याचा आणि त्या वितळून पुन्हा गोठणाऱ्या बर्फाचा, पार्किंगमध्ये काच झालेली असते. बुटांना लावायचे काटे पहिल्या दिवसापासून पायात असू द्या, आमच्यातली एक डच बाई काटे बॅगेत ठेवून फिरत होती, मनगटाला प्लॅस्टर घेऊन घरी गेली. बीचवर ट्रेकिंग शूजपेक्षा गुडघ्यापर्यंतचे नियोप्रीनचे गमबूट लाख पटीने बरे. उजेड कमी करणारा सिक्स स्टॉप फिल्टर रोज वापरला, त्याहून गडद टेन स्टॉप जवळपास नाहीच, कारण लाट मागे जाताना अर्धा-एक सेकंदच हवा असतो, पाण्याचं दूध करून काय मिळतं. बॅटऱ्या आतल्या खिशात. गरम खोलीत शिरताना कॅमेरा बॅगेत बंद ठेवायचा, नाहीतर सगळीकडे दव. पुसायची फडकी जितकी न्याल तितकी कमी पडतील.

ट्रायपॉड रोज रात्री बाथरूममध्ये गोड्या पाण्याने धुवायचा असं लीडरने सांगितलं होतं, मी धुतलाही, तरीपण पावसाळ्यात एक पाय अडकायला लागला, उघडला तर कुलपाच्या आत बारीक वाळू आणि मिठाची पूड. कार्बन फायबर ठणठणीत आहे, स्क्रू मात्र गंजले. महागड्या जॅकेटचं वॉटरप्रूफिंग एका ट्रिपमध्येच उतरलं, त्याबद्दल काय बोलायचं. सगळ्यात कामाची ठरली ती ठाण्यात लोकल मार्केटमधून घेतलेली पातळ लोकरीची हातमोज्यांची जोडी, वरच्या जाड मोज्यांच्या आत.

अजून एक, बायकांसाठी, कारण हे कुणीच लिहीत नाही. हिवाळ्यात बीचवरचे बरेच टॉयलेट बंद असतात आणि तिथे आडोसा म्हणून झाड नसतं. मी पहिल्याच दिवशी लीडरला स्पष्ट सांगितलं की दर दोन-अडीच तासांनी पेट्रोल पंप नाहीतर कॅफे पाहिजे, आणि त्याने पुढे ते न सांगता पाळलं. बोलायची लाज वाटून पाणी कमी पिऊ नका, थंडीत पण डिहायड्रेशन होतं.

घरी आल्यावर फरक पडला तो कोकणात. गुहागर-वेळणेश्वरला आधी आम्ही सूर्यास्त बघून निघायचो, आता आधी कोळ्यांना विचारते की भांग (छोटी भरती-ओहोटी) आहे का उधाण (मोठी), मग वेळ ठरवते. जुलैत वेळणेश्वरला पावसाची सर यायच्या आणि जायच्या मधल्या फटीत खडकांवर थांबून जे मिळालं ते लोफोटेनच्या कुठल्याही फोटोशेजारी लावायला मला संकोच नाही वाटणार. नवरा म्हणतो मग नॉर्वेला कशाला गेलीस, त्याला काय उत्तर देणार.

ज्यांना जायचंय त्यांच्यासाठी: मुंबईहून ऑस्लो, तिथून बोडो, तिथून पंख्याचं छोटं विमान लेक्नेसला, धावपट्टी आखूड असल्यामुळे वारा वाढला की विमान रद्द. आमच्या ग्रुपमधले दोघं त्यामुळे फेरीने आले, बोडोहून मोस्केनेस तीन-साडेतीन तास, समुद्र खवळलेला, दोघंही हिरवे होऊन उतरले. टूर सुरू व्हायच्या आदल्या दिवशी पोचा. ऑरोरा बघायचाय म्हणून मे ते जुलै जाऊ नका, रात्र काळी होतच नाही. रेईनेब्रिंगेन डोंगरावरच्या, शेर्पांनी बांधलेल्या पायऱ्या हिवाळ्यात हिमस्खलनामुळे धोक्याच्या, कुठलाही लीडर वर नेतो म्हणाला तर ती टूर घेऊ नका. आणि रूम शेअरिंगमध्ये घोरणारं माणूस आलं तर काय हे बुकिंगच्या आधी विचारा, सिंगलचे पैसे खूप जास्त आहेत पण पहाटे पाचला उठायचं असतं. मी पुढच्या सप्टेंबरचा विचार करतेय, बर्फ नाही पण शरदातले रंग आणि रात्री पुरेशा काळ्या, सिंगल रूमसाठी दुसऱ्या एका कंपनीला मेल टाकलाय, त्यात पहिला प्रश्न हाच विचारलाय की तुमचा लीडर ट्रायपॉड आणतो का.