दोन रेषा मिळतात तिथला मंत्र: इंदूरच्या एका बोर्डगेम कॅफेतली रविवारची बैठक

जुन्या पलासियात मुख्य रस्ता सोडून आत वळलं की औषधाच्या दुकानावरच्या मजल्यावर हे कॅफे आहे. रविवारी संध्याकाळी तिथे ‘डंजन्स अँड ड्रॅगन्स’ची बैठक बसते. हा पात्रं वठवत, फासे टाकत कथा पुढे नेण्याचा खेळ. पाच-सहा जणांचं टेबल, माणशी ४०० रुपये, चहा-पोहे त्यातच. भाचीच्या आग्रहाने मी जायला लागले आणि आता माझी मीच जाते. मी कॉलेजात भौतिकशास्त्र शिकवते, म्हणून या रिव्ह्यूतली बरीच जागा एका नियमाला देणार आहे. तो नियमच या बैठकीचा प्राण आहे.

मूळ खेळ अमेरिकेतला, गॅरी गायगॅक्स आणि डेव्ह आर्नेसन यांनी १९७४ मध्ये आणलेला. इथल्या गेम मास्टरने, म्हणजे कथा सांगून खेळ चालवणाऱ्याने, त्याची कथा आपल्या माळव्यात रचली आहे. जमिनीखालून शक्तिरेषा वाहतात, आणि दोन रेषा जिथे एकमेकींना छेदतात तिथे म्हटलेल्या मंत्राचा जोर वाढतो. हा छेदनबिंदू, म्हणजे संगम, त्याने उज्जैनला ठेवलाय. जागा किती विचाराने निवडली आहे बघा! जुन्या भारतीय खगोलगणितात शून्य रेखावृत्त लंका, उज्जैन, कुरुक्षेत्र असं धरत, आणि कर्कवृत्त उज्जैनच्या थोडं उत्तरेला डोंगला गावाजवळून जातं. नकाशावरच्या दोन मोठ्या रेषा तिथे खरोखरच जवळ येतात. पण खेळ सुरू करण्याआधी तो स्वच्छ सांगतो, रेषा गणिताच्या आहेत, त्यांतली शक्ती आपल्या कथेतली. इंग्लंडमध्ये आल्फ्रेड वॉटकिन्सने १९२१ मध्ये सरळ रेषेतल्या प्राचीन खुणांची कल्पना मांडली तेव्हा त्याच्या डोक्यात जुन्या वाटा होत्या. त्यांना ऊर्जा चिकटली ती १९६० च्या दशकात, हेही तो सांगतो. टेबलावर बारावीची मुलं असतात. त्यांच्यासमोर कल्पना आणि वस्तुस्थिती अशी वेगळी मांडणारा माणूस मला मोलाचा वाटतो.

आता तो नियम. दोन्ही रेषा स्पंदन पावतात असं धरून दर फेरीच्या सुरुवातीला प्रत्येक रेषेसाठी चार बाजूंचा एक फासा टाकतात, पडद्याआड. दोन्हींवर एकच आकडा आला तर मंत्राचा परिणाम दुप्पट. आकड्यांत दोनाचा फरक पडला तर मंत्र विझतो आणि त्या दिवसाचा तो मंत्र खर्चीही पडतो. बाकी वेळी नेहमीसारखं. आता हिशोब करा: सोळा शक्यतांपैकी चारमध्ये दुप्पट, चारमध्ये शून्य, आठमध्ये आहे तेवढंच. सरासरी एकपट! म्हणजे डोळे मिटून मंत्र टाकत राहिलात तर संगमावर उभं राहून काहीही फायदा नाही. फायदा त्यालाच, ज्याला फेरीची कला (फेज), म्हणजे रेषांची स्पंदनं जुळलीत की विरोधात आहेत, हे आधी कळतं. त्यासाठी एका खेळाडूने आपली पाळी मंत्रावर न घालवता वेधावर घालवायची असते. मग गेम मास्टर फासे फक्त त्याला दाखवतो.

वर्गात व्यतिकरण, म्हणजे दोन लाटांचं एकमेकींत मिसळणं, शिकवताना मी नेमकं हेच सांगते. सारख्या ताकदीचे दोन प्रकाशझोत एका कलेत मिळाले की उजळ पट्ट्यात तीव्रता एकाच्या चौपट होते, विरुद्ध कलेत मिळाले की शून्य, आणि सगळ्या पट्ट्यांची सरासरी दोघांच्या बेरजेइतकीच राहते. ऊर्जा नवी निर्माण होत नाही, तिची वाटणी बदलते. जादूच्या खेळात हे इतक्या प्रामाणिकपणे आलेलं पाहून मला खरंच भरून आलं.

एका रविवारी आम्ही कथेत उज्जैनच्या जंतरमंतरवर, सवाई जयसिंहांच्या त्या वेधशाळेत, रात्री घेरले गेलो होतो. जादूगार झालेल्या मुलाकडे अग्निगोलाचा शेवटचा मंत्र. त्याला साधे सहा बाजूंचे आठ फासे, सरासरी २८. भाचीने वेध घेतला आणि एवढंच म्हणाली, “थांब, आत्ता नको.” समोर राक्षस चढून येतायत, आणि तो पोरगा थांबला. पूर्ण एक फेरी मार खाल्ला सगळ्यांनी. पुढच्या फेरीला तिने पुन्हा वेध घेतला आणि मान हलवली. फाशांवर ३१ आले, त्याचे ६२ झाले. टेबलावर जो गलका उठला तो खालच्या औषधवाल्यापर्यंत गेला असणार. श्रेय मात्र सगळ्यांनी भाचीला दिलं, मंत्र टाकणाऱ्याला नाही. नियम चांगला असला की खेळणारे आपोआप असे वागतात.

तक्रारी आहेत. पात्राचा तक्ता सगळा इंग्रजीत, बारीक टायपात, आणि दिवा टेबलाच्या मधोमध नसून भिंतीला. कडेला बसणाऱ्याला आकडे दिसत नाहीत. सहा जण झाले की आपली पाळी यायला फार वेळ लागतो, तेव्हा पाचांवर नोंदणी थांबवावी. संगमाचा नियम कुठे लिहिलेला नाही, गेम मास्टर तोंडी सांगतो आणि नवखा गोंधळतो. अर्ध्या पानाचा कागद, देवनागरीत, प्रत्येकापुढे ठेवला तर काम भागेल. मी हे त्याला सांगितलं, तर म्हणाला, “काकू, तुम्हीच लिहून द्या ना.” मी देणार आहे. पोहे उत्तम, वर शेव आणि जिरावण हा इंदुरी मसाला सढळ हाताने. चहा फार गोड.

पहिल्यांदा जाणार असाल तर जादूगार घेऊ नका, वेध घेणारं पात्र मागा. मंत्रांची यादी पाठ करावी लागत नाही आणि संगमावर सगळं टेबल तुमच्याच तोंडाकडे बघत असतं. बैठक नऊच्या सुमारास उठते, तोवर सराफा, इंदूरचा रात्रीचा खाऊबाजार, लागलेला असतो. नोंदणी शुक्रवारपर्यंत करा.