मोजणीच्या हजेरीची सही

आमचं वावर मोर्शी तालुक्यात, डांबरी रस्त्याला लागून. गेल्या मार्चात, संत्र्याच्या आंबिया बहाराची फळं वाटाण्याएवढी असताना, दोन पोरं मोटारसायकलवर आली. गळ्यात ओळखपत्र, हातात टेप. रस्ता रुंद होणार हे गावात माहीतच होतं, म्हणून शंका आली नाही. उलट मीच चहा मांडला.

धुऱ्यापासून, म्हणजे बांधापासून, 4 मीटर आत त्यांनी चुन्याची रेघ ओढली. "हे तं रस्त्याचीच जागा हाय काका, पहिलेपासून रेकॉर्डले. तुमचीच झाडं पुढं आली." मग कागद काढले. "मोजणीले हजर होते म्हणून सही करा फक्त." दोन पानं, बारीक अक्षर, चष्मा घरी. केली सही.

दीड महिन्यानं जेसीबी आला. संत्र्याची पहिली ओळ, 23 झाडं, 12 वर्षांची, जेवणाच्या आत मुळासकट आडवी. ठिबकच्या नळ्या गोळा करायलाही सवड दिली नाही. आडवा गेलो तर झेरॉक्स दाखवली. मी 'स्वखुशीने व विनामोबदला' जागा देऊन बसलो होतो! ती पोरं ना भूमी अभिलेखची होती, ना बांधकाम खात्याची. ठेकेदाराची होती.

चुन्याच्या रेघेला मोजणी समजलो, हीच माझी पहिली चूक. सरकारी मोजणीची नोटीस खातेदाराला आधी येते. नंतर मी स्वतः फी भरून मोजणी आणली, तर रेघेतली 5 आर, म्हणजे 500 चौरस मीटर, जागा आमचीच निघाली. गावनकाशा आधीच काढला असता तर त्या पोरांचं तोंड तिथंच बंद झालं असतं.

वकिलानं सांगितलं ते ऐकून जास्त झोंबलं. 2013 च्या भूसंपादन कायद्यानं जमीन घेतली असती तर आधी अधिसूचना, हरकतीला 60 दिवस. झाडं, विहीर, पाइपलाइन यांचं मूल्यांकन वेगळं. त्यावर तेवढीच दिलासा रक्कम, म्हणजे 100 टक्के. आणि पूर्ण पैसे दिल्याशिवाय ताबा नाही. हे सगळं टाळायलाच ते दोन पानांचं संमतीपत्र. जागा दान दिली म्हटल्यावर संपादन कशाचं?

तरी वकील म्हणाले, दार बंद नाही. घटनेच्या कलम 300-अ प्रमाणे कायद्याच्या आधाराशिवाय कोणाची मालमत्ता काढून घेता येत नाही. हिमाचलमध्ये 1967-68 साली एका बाईची जमीन रस्त्यात गेली होती. तोंडी संमती होती, आता फार उशीर झाला, असं सरकार म्हणत होतं. सुप्रीम कोर्टानं 2020 साली दोन्ही मुद्दे फेटाळून मोबदला द्यायला लावला. पण तिची सही कुठंच नव्हती. माझी आहे.

मग वकिलानं सातबारा उलटापालटा केला आणि विचारलं, "हे दुसरं नाव कोणाचं?"

आर्वीच्या ताईचं. बाबा गेल्यावर वारस फेरफारात तिचं नाव लागलं तेव्हा मी वर्षभर तिच्याशी धड बोललो नव्हतो. आता सामाईक खात्यातल्या तिच्या सहीशिवाय ते दानपत्र लंगडं आहे म्हणे.

मागच्या आठवड्यात ती एसडीओ ऑफिसात अर्जावर सही करायला आली. पेन पुढं केला तर म्हणाली, "थांब," आणि पर्समधून चष्मा काढला.