खुर्चीची सत्ता की माहितीची?

पदाची सत्ता उघड असते: सही, बढती, बदली. खुर्ची गेली की तीही जाते, पण खुर्चीवर असेपर्यंत जाब तरी विचारता येतो.

माहितीची सत्ता कुठल्याच तक्त्यात दिसत नाही. समाजशास्त्रज्ञ मिशेल क्रोझिए यांनी ती फ्रान्सच्या सरकारी तंबाखू कारखान्यांत टिपली. अभ्यास १९६३ मध्ये प्रसिद्ध झाला. यंत्र बंद पडलं की काम ठप्प, आणि दुरुस्ती येणार फक्त देखभाल कामगारांना. हे कौशल्य ते एकमेकांना तोंडीच शिकवत, कागदावर येऊ देत नसत. मग वरिष्ठांनाही त्यांच्याच तोंडाकडे बघावं लागे.

मला ही दुसरी सत्ता जास्त चिवट वाटते, आणि जास्त धोक्याचीही. तिला ना मुदत, ना तिच्याविरुद्ध अपील.